वाळूवरचा नाच आणि शिक्क्यांची समीक्षा

एखाद्या प्रयोगावर ‘प्राच्यवादी’ असा शिक्का मारला की तो पाहण्याचे कष्ट वाचतात, हा आपल्या साहित्यविभागांनी एडवर्ड सैद यांच्या १९७८ सालच्या ग्रंथातून काढलेला सर्वांत सोयीस्कर निष्कर्ष होय. सैद यांनी असे कुठेही म्हटलेले नाही. पण चर्चासत्रातल्या निबंधांना तेवढी उसंत कुठली? ब्रिटिश म्युझिक हॉलमधले ‘विल्सन, केपेल आणि बेटी’ हे त्रिकूट या सोयीला आयतेच सापडते.

लिव्हरपूलचा जॅक विल्सन, आयर्लंडमधील कॉर्कचा जो केपेल आणि अमेरिकेतील कॅन्ससची बेटी नॉक्स. बेटी त्यांना १९२८ साली अमेरिकेतच येऊन मिळाली आणि १९३२ साली हे तिघे लंडनच्या पॅलेडियमवर उभे राहिले. तुतनखामेनची कबर १९२२ साली सापडल्यापासून युरोपला इजिप्तचे वेड लागलेले होतेच. रंगभूमीवर वाळू पसरायची, आखूड अंगरखे घातलेल्या दोन हडकुळ्या पुरुषांनी लुइजिनीच्या ‘इजिप्शियन बॅले’च्या सुरांवर, चेहऱ्यावरची रेषही न हलवता, भित्तिचित्रांतल्यासारखे हात काटकोनात मोडून पाय घासत सरकायचे. वाळूवर तळवे घासल्याचा आवाज हाच ताल. दोघांचे पाय इतके नेमके एकत्र पडतात की हसू फुटते ते त्या नेमकेपणालाच.

हा साम्राज्याचा विनोद नव्हे असे मी म्हणत नाही. ब्रिटिश फौजा १८८२ पासून इजिप्तमध्ये ठाण मांडून होत्या, आणि या रंगमंचावर इजिप्तचे कुणीच नव्हते. पण हसे नेमके कुणाचे होते आहे? फॅरोच्या काळातल्या अंगरख्यावर उस्मानी काळातली फेझ टोपी! इजिप्त ज्याने केवळ चित्रांत पाहिला, त्याला तिथली माणसे अशीच आडवी चालत असावीत असे वाटणार, आणि फजिती होते ती या पाहणाऱ्याची. क्लिओपात्राच्या नावाने विलासी पूर्वेचे आमिष दाखवायचे आणि हाती द्यायचे दोन जोड वाळकुडे गुडघे. ही प्राच्यवादाची नक्कल आहे. नकलेलाच मूळ समजून खंडन करणाऱ्या विद्वानांना काय म्हणावे?

आणि जिथे आरोप खरोखर लागू पडतो तिथे हे विद्वान गप्प असतात. पुरुष हास्यास्पद, पण नर्तकी मात्र मोहकच हवी; विडंबनाची सवलत बेटीला नाही. १९४१ साली बेटी नॉक्स हिने नाच सोडला, ‘इव्हनिंग स्टँडर्ड’मध्ये पत्रकारिता धरली, युद्धवार्ताहर झाली आणि न्यूरेंबर्गच्या खटल्यांचे वार्तांकन केले. तिच्या जागी तिची मुलगी पॅट्सी आली, तीही ‘बेटी’ म्हणूनच. पुढे आणखी कितीतरी बेटी आल्या आणि गेल्या. विल्सन मात्र विल्सनच राहिला, केपेल केपेलच. या नाचातल्या उघड्या पायांवर गोबेल्स भडकल्याची आख्यायिका इतकी खपते की २०१५ सालच्या चरित्राचे शीर्षकही तिच्यावरच बेतलेले आहे. न्यूरेंबर्गच्या पत्रकारकक्षात बसलेल्या बाईवर मात्र आपल्याकडे एखादा निबंध वाचला गेल्याचे माझ्या तरी ऐकिवात नाही. पूर्वेची प्रतिमा शोधणाऱ्यांनी निदान जाहिरातफलकावरचे तिसरे नाव कुणाचे, एवढे तरी विचारायला हवे होते.