जुन्या चोपडीतले चाकण

दिवाळीच्या पूजेला आमच्या घरी अजूनही लाल खारव्याची एक वही पाटावर मांडली जाते. सारा व्यवहार संगणकात गेल्याला वीस वर्षे झाली, कराची विवरणपत्रे मुलगा मोबाईलवरून भरतो. तरीही कुंकवाचे स्वस्तिक काढून पहिल्या पानावर वीर निर्वाण संवत लिहिल्याखेरीज वर्ष पालटले असे घरात कोणालाच वाटत नाही. यंदा कोऱ्या वहीसाठी माळा धुंडाळताना बाबूजींच्या काळातील खतावण्यांचा गठ्ठा हाती आला. एक चोपडी सहज उघडली आणि पूजेची वेळ होईपर्यंत मी माळ्यावरच बसून राहिलो.

आमची पेढी चाकणजवळच्या एका गावात. पेढी हा शब्द मोठा झाला. किराणा, बी-बियाणे, खत आणि थोडी आडत, असा तो पसारा. खतावणीत पाने गावांप्रमाणे लावलेली होती. निघोजे, महाळुंगे, खराबवाडी, सावरदरी, वासुली, भांबोली. प्रत्येक गावाखाली माणसांची नावे, आणि प्रत्येक नावाखाली बटाट्याचे बियाणे, युरिया, सुंभ, गूळ, गोडे तेल, लग्नाचे लुगडे. आज हीच गावांची नावे मी मालवाहतुकीच्या चिठ्ठ्यांवर वाचतो. त्यांच्यापुढे गट नंबर असतो, कारखान्याचे नाव असते, औद्योगिक वसाहतीचा टप्पा असतो. माणसाचे नाव मात्र नसते.

वाचकांपैकी अनेकांची मुळे अशाच एखाद्या बाजारगावात आहेत, म्हणून या भागाची हकिगत थोडी विस्ताराने सांगतो. पुण्याच्या उत्तरेला पिंपरी येथे १९५४ मध्ये हिंदुस्तान अँटिबायोटिक्सचा कारखाना स्थापन झाला, १९६२ मध्ये महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ अस्तित्वात आले, आणि ज्वारी-बाजरीच्या त्या खेड्यांची १९८२ पर्यंत पिंपरी-चिंचवड महानगरपालिका झाली. तिची लोकसंख्या २००१ मध्ये सुमारे १० लाख होती, ती २०११ मध्ये १७ लाखांवर गेली. शहर भरले की ते रस्त्याच्या कडेने पुढे सरकते. येथे तो रस्ता पुणे-नाशिकचा होता आणि त्यावरचे पुढचे मोठे गाव चाकण. तळेगावहून शिक्रापूरकडे जाणारा रस्ताही येथेच त्याला छेदतो. पूर्वी या चौकातून कांद्या-बटाट्याच्या गाड्या वळत; सातगाव पठारावरचा बटाटा मंचरकडून खाली उतरे, आणि चाकणचा कांदा बाजार तर जिल्ह्याबाहेरही प्रसिद्ध. आता त्याच चौकात कंटेनर वळतात आणि सायंकाळी तासन् तास वळतच राहतात. फोक्सवॅगनचा कारखाना २००९ मध्ये सुरू झाला, मर्सिडीजही त्याच सुमारास आली, आणि त्यांच्यामागून सुटे भाग करणाऱ्यांची रांग लागली.

गाव शहर केव्हा होते, याचे सरकारी उत्तर जनगणनेपाशी आहे. लोकसंख्या किमान ५ हजार, चौरस किलोमीटरला किमान ४०० माणसे, आणि मुख्यतः काम करणाऱ्या पुरुषांपैकी किमान ७५ टक्के शेतीबाहेर. एवढे जुळले की ग्रामपंचायत असली तरी जनगणना त्याला नगर म्हणते. देशात अशी गावे २००१ मध्ये १ हजार ३६२ होती, ती २०११ मध्ये ३ हजार ८९४ झाली. चाकणही २०११ साली त्यांतलेच एक होते. जनगणनेच्या वहीत शहर, कारभार मात्र सरपंचाकडे, आणि गटार कोणाकडेच नाही, अशी ती अवस्था. प्राप्तिकराचे उत्तर आणखी निराळे. शेतजमीन विकून आलेल्या नफ्यावर कर बसावा की नाही, हे पालिकेच्या हद्दीपासूनच्या अंतरावर ठरते: १० लाखांवरच्या शहरापासून ८ किलोमीटर, त्याहून लहान शहरासाठी ६ किंवा २. हे अंतर रस्त्याने नव्हे, सरळ रेषेत, पक्षी उडतो तसे मोजायचे. एका ग्राहकासाठी मी स्वतः नकाशावर पट्टी ठेवून ही रेषा काढली आहे. रेषेच्या अलीकडचा भाऊ करदाता ठरला आणि पलीकडचा शेतकरीच राहिला. बांध एकच होता.

आमच्या दुकानाची उत्तरे मात्र फळीवर दिसत. प्रथम सुंभ आणि नाडे गेले. मग बियाण्याची पोती कमी झाली. भूसंपादनाचा मोबदला आला त्या दोन-तीन वर्षांत फरशी, रंग, नळाच्या तोट्या यांना इतकी मागणी होती की धाकट्या भावाने शेजारचा गाळा त्यासाठीच घेतला. मोबदल्याचे बंगले उभे राहिले. ज्यांना सुचले त्यांनी त्यामागे कामगारांसाठी पत्र्याच्या खोल्या बांधल्या, ज्यांना सुचले नाही त्यांच्या अंगणात गाड्या उभ्या राहिल्या. खोल्यांत माणसे आली ती बीड, लातूर, यवतमाळची आणि त्याहून अधिक बिहार, उत्तर प्रदेशाची. एके दिवशी भाऊ म्हणाला, ‘भाईसाहेब, शेंगदाणा तेलाचा डबा पंधरा दिवस पुरतो आणि मोहरीचे तेल दोन दिवसांत संपते.’ आमच्या गावी मोहरी फोडणीपुरती ठाऊक होती. प्रदेश बदलला म्हणजे काय झाले, हे मला त्या एका वाक्यात जितके कळले तितके कोणत्याही अहवालात कळले नाही.

याच काळात आमची घरेही हलली. गावात जैनांची अकरा घरे होती, आज दोन आहेत. बाकीची चिंचवडला, निगडीला, बिबवेवाडीला. मुलांच्या शाळा आणि मुलींची स्थळे, ही दोन कारणे प्रत्येक घराने सांगितली आणि ती खरीही होती. स्थानकाची किल्ली शेजारच्या मराठा घरातील एका मावशींकडे असते. साध्वीजींचा विहार आहे असा निरोप आला की त्याच झाडलोट करून, पाणी उकळून ठेवतात; पाण्याचे नियम त्यांना आमच्या सुनांपेक्षा अधिक ठाऊक आहेत. पूर्वी साध्वीजी पहाटे नाशिक रस्त्याच्या कडेने निघत. आता मागे एक जण दिवा घेऊन चालतो आणि मुक्काम गाठल्याचा फोन येईपर्यंत घरात कोणी नवकारशी पारत नाही.

आता त्या चोपडीकडे येतो. ती मिटून टाकता आली असती तर हा लेख एवढ्यावरच संपला असता.

एका पानावर आप्पांचे खाते होते. आम्ही मुले त्यांना आप्पा म्हणत असू. त्यांचे बियाणे आमचे, खत आमचे, थोरल्या मुलीच्या लग्नाचे कापड आमचे, आणि तिच्या पाठवणीला आलेले पहिले ताट आमच्या घरून. चार वर्षांची बाकी साचली होती. मधल्या एका वर्षी बटाट्याला करपा लागल्याची नोंद बाबूजींनी समासात केलेली आहे. खतावणीच्या समासात पिकाचा रोग लिहिणारा दुसरा व्यापारी मला माहीत नाही. १९९४ च्या पानावर शेवटची ओळ आहे: ‘माळाची अडीच एकर खरेदीखताने, खाते चुकते.’ कुळकायद्याप्रमाणे शेतकरी नसलेल्याला शेतजमीन घेता येत नाही. पण दादाजींच्या वेळेपासून थोडी जमीन आमच्या नावे होती, सातबारा होता, त्यामुळे अडचण आली नाही. दर त्या काळच्या बाजाराप्रमाणे लावला होता. बाकी वजा जाता वरची रक्कम आप्पांना रोख दिली, त्यांचा अंगठा नव्हे, सही आहे. व्यवहार सर्व बाजूंनी चोख होता.

त्या जिरायत माळाला तेव्हा कुसळांशिवाय काही येत नव्हते. पुढे रस्ता रुंद झाला. खेड तालुक्यात आंतरराष्ट्रीय विमानतळ येणार म्हणून वर्षानुवर्षे बोलले गेले आणि त्या बोलण्यावरच भाव चढले. २०१६ मध्ये विमानतळासाठी पुरंदरची जागा ठरली, तेव्हा विमानतळ गेला, भाव राहिले. आम्ही जमीन बिगरशेती करून तेथे गोदाम बांधले आणि भाड्याने दिले. आज त्या अडीच एकरांचे महिन्याचे भाडे १९९४ च्या संपूर्ण खरेदीच्या कित्येक पट आहे. आकडा लिहिण्याची मला लाज वाटते, आणि लाज वाटते हेही तितकेच खरे लिहिले पाहिजे.

आपल्या समाजाला या बाबतीत जुना इतिहास आहे आणि तो आपण फारसा वाचत नाही. १२ मे १८७५ रोजी भीमथडी तालुक्यातील सुपे येथे शेतकऱ्यांनी मारवाडी आणि गुजराती सावकारांची घरे-दुकाने लुटली. पुणे आणि नगर जिल्ह्यांत ते लोण पसरले. जमावाचा रोख माणसांपेक्षा कागदांवर होता. रोखे आणि खतपत्रे मागून घेऊन जाळण्यात आली, आणि जेथे ती निमूटपणे दिली गेली तेथे बहुधा अंगाला हात लागला नाही. सरकारने चौकशी केली आणि १८७९ चा शेतकरी संरक्षण कायदा झाला. घरातील वडीलधारी मंडळी ही गोष्ट ‘आपल्यावर आलेले संकट’ म्हणून सांगत. संकट आलेच होते. पण कागद का जाळले, हा प्रश्न त्या गोष्टीत कधी आला नाही. १९९४ चा आमचा कागद कोणी जाळायला आले नाही, कारण एकतर तो कायदेशीर होता आणि दुसरे म्हणजे भांडण धान्याचे राहिले नव्हते. त्या जमिनीतून काय निघणार आहे हे आप्पांना ठाऊक नव्हते आणि, प्रामाणिकपणे सांगतो, बाबूजींनाही नव्हते.

जमीन हातची न सोडता शहराला सामोरे जाणे अशक्य नव्हते. हडपसरच्या मगरपट्ट्यात सुमारे १२० शेतकरी कुटुंबांनी आपली ४०० एकर जमीन विकून न टाकता एकत्र केली, स्वतःची कंपनी काढली आणि २००० च्या सुमारास त्यावर नगर वसवायला घेतले. जमिनीच्या हिश्शाप्रमाणे भागधारक झाले. पण तेथे एका भावकीचे सलग क्षेत्र होते आणि पुढे होऊन धरून ठेवणारे नेतृत्व होते. खेड तालुक्याच्या वाट्याला तुकडे आले, तुकड्यांना दलाल आले. पाणीही येथून पुढे गेले: भामा-आसखेड धरणाचे पाणी २०२१ पासून पुण्याच्या पूर्व भागाला मिळते, आणि ज्यांच्या जमिनी त्या धरणात गेल्या त्यांना पुनर्वसनासाठी आंदोलने करावी लागली.

आप्पा गेले. त्यांचा मुलगा उरलेली जमीनही टप्प्याटप्प्याने विकून बसला. नातू आमच्याच गोदामाच्या फाटकावर सुरक्षारक्षक आहे. एजन्सीने नेमलेला, मला दोन वर्षे पत्ताही नव्हता. गेल्या पर्युषणानंतर मी भाडेकरूच्या कामासाठी तेथे गेलो असता त्याने नमस्कार केला आणि विचारले, ‘काका, तुम्ही शेठजींचे थोरले ना?’ मी त्याला ओळखले नव्हते. सकाळपासून ‘मिच्छामि दुक्कडं’चे शे-दीडशे संदेश मी मोबाईलवरून पाठवले होते, त्या यादीत त्याच्या घरातील कोणीही नव्हते.

त्याने काही मागितले नाही. मीच चहाला थांबलो तेव्हा बोलता बोलता म्हणाला, ‘काका, मागच्या कोपऱ्यात आमचा म्हसोबा आहे. भिंत झाल्यापासून आजीला नारळ फोडता आला नाही. रस्ता पलीकडून होता, तो आता आत गेला.’ मी मागे जाऊन पाहिले. कंपाउंडच्या आत, भंगार लाकडी पॅलेटच्या ढिगामागे, शेंदूर उडालेला दगड होता. फाटकावर बारा तास उभा राहणारा हा मुलगा रोज रात्री दोन फेऱ्या त्याच्या समोरून मारतो; पण नोकरीच्या वेळेत पूजा करण्यास मनाई, आणि नोकरी नसताना आत येण्यास मनाई.

भाडेकराराची नऊ वर्षे येत्या पौषात संपतात. नवा करार करताना मागच्या हद्दीला आठ फुटांची पट्टी सोडून भिंत आत घ्यावी आणि बाहेरून स्वतंत्र वाट ठेवावी, असे मी सुचवले. भाडेकरूचे म्हणणे असे, की मालवाहू गाडी वळायला तेवढीच जागा लागते आणि विम्याच्या दृष्टीने हद्द एकसंध हवी. मुलाने हिशोब करून दाखवला. पट्टी सुमारे सतराशे चौरस फुटांची. भाड्यातील घट, भिंतीचा खर्च, आणि भाडेकरू शेजारच्या गोदामात गेला तर रिकामे महिने. हिशोबात चूक नाही, तो मीच त्याला शिकवला आहे. ‘बाबा, व्यवहार तेव्हाही चोख होता आणि आताही चोखच आहे,’ तो म्हणाला. हे वाक्य बाबूजींचे. त्याने ते कोठे ऐकले, मला माहीत नाही, बहुधा माझ्याकडूनच.

पाडव्याला मोजणीदाराने काढून दिलेला नकाशा मी जेवणाच्या टेबलावर पसरला आणि लाल पेन्सिलीने मागची रेघ आठ फूट आत ओढली. सूनबाईने विचारले, की वाट आठ फुटांचीच का, चारही चालेल. मी म्हटले, आजींना आता चालवत नाही, गाडी पार आत न्यावी लागेल. मुलगा काही न बोलता नकाशा उलटा करून मागून पाहत होता. भाडेकरूशी बैठक पुढच्या सोमवारी आहे.