वाड्याचे बोलणे वाड्यातच राहो

आज नळाला पाणी नाही, वीज दुपारपर्यंत बंद, उत्सवाची वर्गणी कोणाकडे द्यावयाची, ही वार्ता पूर्वी विहिरीच्या काठी किंवा पोदेराच्या सायकलीमागून कळत असे. आता ती व्हॉट्सॲपच्या समूहावर येते. सोय मोठी झाली, हे आम्ही नाकारत नाही. परंतु त्याच समूहावर कोणी नव्या भाडेकरूचे आधारपत्र टाकतो, कोणी शेजारच्या मुलीचे छायाचित्र, आणि घटकाभरात ते दुसऱ्या तालुक्यात पोचते. संदेशांना 2016 पासून कुलूप आहे खरे. पण किल्ली प्रत्येक सभासदाच्या खिशात असल्यावर ते कोणास अडवणार?

अमेरिकेतील व्हर्मांट राज्य लोकसंख्येने गोव्याच्या निम्म्याहून लहान. तेथे बर्लिंग्टन शहरातील एका दांपत्याने 2006 मध्ये ‘फ्रंट पोर्च फोरम’ हे शेजाऱ्यांचे जाळे विणावयास घेतले. खरे नाव व पत्ता दिल्याविना प्रवेश नाही. आलेला मजकूर संस्थेची माणसे आधी वाचतात आणि सर्व पत्रे मिळून सामान्यतः दिवसातून एकदाच धाडतात. रागाच्या भरात लिहिणाऱ्याचे डोके तोवर थंड होते. आम्हांस त्यातील हाच गुण सर्वांत मोठा वाटतो. खर्च स्थानिक जाहिराती व देणग्यांतून भागतो, सभासदांची माहिती विकली जात नाही. 2011 च्या आयरीन वादळात रस्ते आणि पूल वाहून गेले, तेव्हा ह्याच जाळ्यातून शेजारी शेजाऱ्याच्या मदतीस धावला.

त्याच वर्षी निघालेले ‘नेक्स्टडोअर’ही पत्ता पडताळूनच आत घेते. तरीही कृष्णवर्णीय वाटसरूंना निव्वळ रंगावरून संशयित ठरवल्याच्या तक्रारी 2015 मध्ये झाल्या, आणि पुढील वर्षी गुन्ह्याची खबर देण्याचा नमुनाच बदलावा लागला. पत्ता खरा म्हणून मन निर्मळ, असे थोडेच आहे! आमच्याकडे हा संशय परप्रांतीय मजुराच्या वाट्यास येतो.

खाजगीपणा हा मूलभूत अधिकार असल्याचा निवाडा सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी 2017 मध्ये एकमताने दिला. 2023 च्या कायद्याने मात्र व्यक्तीने वैयक्तिक वा घरगुती कामासाठी वापरलेली माहिती वगळली आहे. तेव्हा वाड्याने आपले नियम आपणच केले पाहिजेत. चतुर्थीपूर्वी बैठका होतातच. त्यांत हा विषय घ्यावा. कोणाचे कागद समूहावर टाकू नयेत, संशय असल्यास तो पोलीस ठाण्यात सांगावा, वाडा सोडून गेलेल्याचे नाव काढावे. प्रारंभ जुना मजकूर पुसण्यापासून व्हावा. गतवर्षी खोली सोडून गेलेल्या भाडेकरूचे आधारपत्र अजून तेथेच पडून असेल.