शर्टाच्या आत काय आहे?

एक सोप्पा प्रश्न. समजा, तुम्हाला उडता येतं. भिंतीपलीकडचं दिसतं. धावती आगगाडी एका हाताने थांबवता येते. अशा वेळी पोटापाण्यासाठी तुम्ही कुठली नोकरी धराल?

माझ्या ऑफिसातल्या मंडळींना विचारलं. एक म्हणाला, कुरिअर कंपनी काढीन. पेट्रोलचा खर्च शून्य! दुसरी म्हणाली, इन्व्हेस्टमेंट बँकिंग, कारण बंद दाराआडच्या मीटिंग दिसतील. तिसऱ्याने शांतपणे सांगितलं, ‘नोकरी कशाला करायची मग?’ वार्ताहर होईन असं कुणी म्हणजे कुणीही म्हणालं नाही.

आणि सुपरमॅन? त्याने नेमकं तेच केलं. जगातला सगळ्यात ताकदवान माणूस चष्मा लावून, टाय बांधून, रोज पेपरच्या ऑफिसात खर्डेघाशी करतो. मधेच गायब होतो, तासाभराने केस विस्कटलेले घेऊन परत येतो, आणि एचआरवाले त्याला एक मेमोही देत नाहीत. (असं ऑफिस मिळालं तर कृपया मला कळवा.)

थट्टा सोडा, पण या निवडीमागे फंडा आहे. जेरी सीगल आणि जो शुस्टर या दोन तरुणांचा सुपरमॅन जून १९३८ च्या ‘अ‍ॅक्शन कॉमिक्स’च्या पहिल्या अंकात अवतरला. ही दोघं ज्यू स्थलांतरितांची मुलं, क्लीव्हलँडमध्ये वाढलेली. हक्क विकून मिळाले १३० डॉलर. क्लार्क केंट सुरुवातीला ज्या पेपरात होता त्याचं नाव ‘डेली स्टार’. कारण शुस्टर लहानपणी कॅनडात ‘टोरांटो डेली स्टार’ विकायचा. म्हणजे सुपरमॅनच्या पेपरचं मूळ रस्त्यावर अंक विकणाऱ्या एका पोराच्या काखेतल्या गठ्ठ्यात आहे. ‘डेली प्लॅनेट’ हे नाव आलं १९४० मध्ये.

पेपरच का? कारण तेव्हा संकटाची बातमी सगळ्यात आधी तिथे पोचायची. मोबाइल नाही, टीव्ही नाही. कुठे धरण फुटलं, कुठे आग लागली, हे टेलिप्रिंटरजवळ बसलेल्याला आधी कळणार. सुपरमॅनला प्रसिद्धी नको होती, खबर हवी होती.

आणि एक गंमत बघा. ‘डेली प्लॅनेट’मधली खरी पत्रकार क्लार्क नाहीच. ती आहे लोइस लेन. पहिल्या अंकापासून आहे. क्लार्क काय, सुपरमॅनची बातमी लिहितो, म्हणजे स्वतःचीच मुलाखत स्वतः घेतो! लोइसकडे ना उडण्याची शक्ती, ना पोलादी छाती. तरी गुंडांच्या अड्ड्यावर पहिली पोचणार ती. मग छपरावरून पडणार, आणि सुपरमॅन तिला वरच्या वर झेलणार. गेली ऐंशीपेक्षा जास्त वर्षं ती पडतेय आणि तो झेलतोय.

दुसरं ऑफिस आपल्याला जास्त ओळखीचं वाटेल. न्यूयॉर्कचा ‘डेली ब्यूगल’. बॉस जे. जोना जेमसन. मिशी, सिगार आणि आवाज, तिन्ही कायम चढलेले. १९६३ पासून त्याचा एकच अजेंडा, स्पायडरमॅन हा समाजाला धोका आहे हे सिद्ध करणं. आणि त्याला स्पायडरमॅनचे फोटो आणून देणार कोण? पीटर पार्कर, म्हणजे खुद्द स्पायडरमॅन! पगार नाही, पीएफ नाही, फोटोमागे पैसे. घरी म्हातारी काकू, भाडं थकलेलं. स्वतःच्याच बदनामीचा कच्चा माल स्वतः पुरवायचा आणि त्याचं बिल कधी निघेल म्हणून अकाउंट्सच्या खिडकीशी उभं राहायचं. फ्रीलान्सिंगचं याहून अचूक वर्णन मी तरी कुठे वाचलेलं नाही.

त्याच ‘ब्यूगल’मध्ये एक साधा, सुरकुतलेल्या कोटातला वार्ताहर आहे, बेन युरिक. डेअरडेव्हिल हा हीरो खऱ्या आयुष्यात कोण, हे त्याने स्वतःच्या मेहनतीने शोधून काढलं. करिअरची सगळ्यात मोठी बातमी! आणि त्याने ती छापलीच नाही. का? छापली असती तर शहराचा एक राखणदार संपला असता. कॉमिक्समधल्या सगळ्या मारामाऱ्यांपेक्षा हा प्रसंग मला जास्त दमदार वाटतो.

आता म्हणाल, हे सगळं अमेरिकेचं. आपलं काय? आपल्याकडे प्रकार उलटा होता. तिथे हीरो पेपरात नोकरी करायचा, इथे पेपरवाल्यांनीच हीरो आणले. १९६४ मध्ये सुरू झालेलं ‘इंद्रजाल कॉमिक्स’ टाइम्स ऑफ इंडियाच्या छापखान्यातून यायचं. वेताळ मराठी बोलायला लागला तो त्यामुळे. १९९० मध्ये ते बंद पडलं, तरी रद्दीच्या दुकानांतून वेताळ बरीच वर्षं जिवंत होता. सिनेमात म्हणाल तर १९८७ चा ‘मिस्टर इंडिया’. श्रीदेवी त्यात चक्क पेपरची रिपोर्टर आहे आणि अन्नू कपूरने रंगवलेला तिचा भेदरलेला संपादक कोण? गायतोंडे! आपल्या सुपरहीरोच्या वाट्याला जेमसन नाही आला, कोकणी आडनावाचा संपादक आला.

कोकणावरून आठवलं. मी नागोठण्याचा. रोहा तालुका, जिल्हा रायगड. गोव्याला जाताना तुम्ही ते ओलांडलेलं आहे, फक्त तेव्हा तुम्ही झोपलेले होतात किंवा खड्डे मोजत होतात. अंबा नदी, तिच्यावरचा शेकडो वर्षांचा दगडी पूल, एसटी स्टँड, बाजारपेठ. पावसाळ्यात अंबा स्टँडपर्यंत येऊन जाते. सुपरमॅनचं जसं स्मॉलव्हिल, तसं हे आमचं. फरक एवढाच की आमच्या शेतात आकाशातून पोर पडलं नाही.

केमिकल मात्र आलं. कॉमिक्समध्ये केमिकल फार कामाची वस्तू. फ्लॅशच्या अंगावर वीज कोसळते, रसायनांच्या बाटल्या फुटतात आणि तो वाऱ्याच्या वेगाने पळायला लागतो. जोकर रसायनाच्या हौदात पडतो आणि हसत बाहेर येतो. नागोठण्याला तर अख्खं पेट्रोकेमिकल संकुल आहे. तिथे नोव्हेंबर १९९० मध्ये वायुगळती झाली, स्फोट झाला. तीसहून अधिक माणसं गेली. कुणालाही कसलीही शक्ती मिळाली नाही. कुणी उडत आलं नाही. दुसऱ्या दिवसापासून आले ते पेपर. किती गेले, का गेलं हे सगळं, हे प्रश्न कुणीतरी वहीत लिहून घेतल्याशिवाय छापून येत नाहीत.

तो ‘कुणीतरी’ म्हणजे आमच्याकडचा वार्ताहर. तालुक्याच्या वार्ताहराला तुम्ही पाहिलंय का हो? त्याला केबिन नसते. स्टँडसमोरचं झेरॉक्सचं दुकान किंवा पेपरचा स्टॉल, हेच त्याचं ‘डेली प्लॅनेट’. बऱ्याचदा तोच एजंट, तोच वार्ताहर, तोच जाहिरातवाला. सकाळी पेपर वाटायचे, दुपारी ग्रामसभेला बसायचं, संध्याकाळी बातमी पाठवायची. पूर्वी एसटीच्या ड्रायव्हरकडे पाकीट द्यायचे, मग फॅक्स आला, आता व्हॉट्सअ‍ॅप. मानधन म्हणाल तर पीटर पार्करनेही नाक मुरडावं. खरी कमाई जाहिरातीच्या कमिशनवर, म्हणजे दिवाळीच्या आणि साहेबांच्या वाढदिवसाच्या शुभेच्छा. आता पेच बघा. ज्या साहेबांच्या वाढदिवसाची जाहिरात मागायची, त्यांच्याच रस्त्याच्या कंत्राटाची बातमी लिहायची. लिहा! सुपरमॅनला क्रिप्टोनाइट एकच होतं. याच्या कमजोऱ्या मोजायला बसलो तर हा कॉलम पुरणार नाही.

तरीही ही माणसं लिहितात. आमच्या जिल्ह्याला तशी सवयच आहे. अलिबागजवळच्या चरीच्या कुळांनी १९३३ मध्ये खोतांच्या जमिनी कसणं थांबवलं. संप चालला १९३९ पर्यंत! पुढारी होते नारायण नागू पाटील. पेपर वाचणाऱ्या शहाण्यांच्या जगात या शेतकऱ्यांची बाजू मांडणार कोण? पाटलांनी १९३७ मध्ये स्वतःच पेपर काढला, ‘कृषीवल’. जरा तारखा जुळवा. पुढच्याच वर्षी तिकडे सुपरमॅन जन्मला, आणि सुरुवातीच्या गोष्टींत तो परग्रहावरच्या राक्षसांशी नाही, तर लाचखाऊ राजकारण्यांशी आणि मजुरांच्या जिवावर उठलेल्या खाणमालकाशी लढत होता. तिकडच्या दोन पोरांनी अन्याय मोडायला उडणारा माणूस काढला. इकडच्या शेतकऱ्यांच्या पुढाऱ्याने छापखाना गाठला.

दुसरं उदाहरण तर आपल्या सगळ्यांच्या कमरेला माहीत आहे. मुंबई-गोवा महामार्ग. त्याचं चौपदरीकरण व्हावं म्हणून रायगडातले पत्रकार कित्येक वर्षं नुसतं लिहीत नव्हते, रस्त्यावर बसत होते. रोज अपघाताच्या बातम्या लिहून हात दुखले, तेव्हा त्यांनी पेन खाली ठेवलं आणि घोषणा दिल्या. पनवेल ते इंदापूर टप्प्याचं काम २०११ मध्ये सुरू झालं. पुढे ते दशकाहून जास्त काळ रेंगाळलं, हा भाग वेगळा. खलनायकाचा एका अंकात नायनाट व्हायला हे कॉमिक्स थोडंच आहे?

इथपर्यंत गंमत होती. आता जरा थांबू या.

लोइस लेन छपरावरून पडते तेव्हा आपण घाबरत नाही. पुढच्या चौकटीत लाल झगा येणार हे आपल्याला माहीत असतं. ६ फेब्रुवारी २०२३ ला राजापुरात शशिकांत वारिशे पेट्रोल पंपाजवळ दुचाकीवर होते. ‘महानगरी टाइम्स’चे पत्रकार. परिसरातल्या प्रस्तावित रिफायनरीच्या वादावर ते सातत्याने लिहीत होते. रिफायनरीची बाजू घेणाऱ्या एका जमीन व्यावसायिकाबद्दलची त्यांची बातमी त्याच दिवशी छापून आली होती. एका एसयूव्हीने त्यांना चिरडत नेलं. दुसऱ्या दिवशी ते गेले. बातमी ज्याच्याबद्दल होती त्याच माणसाला पोलिसांनी अटक केली आणि खुनाचा गुन्हा लावला. त्याआधी ११ जून २०११ ला पवईत, भर दिवसा, ‘मिड-डे’चे जे. डे यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या. क्राइम रिपोर्टिंगमधलं एवढं मोठं नाव, तरी कुणी वरच्या वर झेललं नाही.

पत्रकारांवरच्या हल्ल्यांविरुद्धचा कायदा आपल्या विधिमंडळाने एप्रिल २०१७ मध्ये मंजूर केला. त्यासाठीही पत्रकारांनाच वर्षानुवर्षं झगडावं लागलं. कायदा असून वारिशे गेले. कारण कायदा गुन्ह्यानंतर येतो. गुन्ह्याआधी येते ती भीती, आणि ती घालवायला गावाची सोबत लागते.

सोबत म्हणजे कोण? आपणच की. तुम्ही, मी. आपण नागोठणे, पेण, रोहा, राजापूर सोडून ठाण्याला, पुण्याला आलो. एसी ऑफिसात बसून जगाच्या बातम्या स्क्रोल करतो. ‘डेली ब्यूगल’ही आता पेपर राहिला नाही. २०१९ च्या सिनेमात जेमसन वेबसाइटवर व्हिडिओतून ओरडताना दिसतो, आणि लोक ऐकतात. क्लार्क केंटने तर २०१२ च्या एका अंकात, पत्रकारितेची करमणूक झाली म्हणत, भर ऑफिसात भाषण ठोकून राजीनामा दिला होता. त्याला परवडतं हो! जेवण नसलं तरी ऊन खाऊन जगतो तो. आमच्या स्टँडसमोरचा वार्ताहर राजीनामा देणार कुणाकडे? मुळात त्याला नेमणूकपत्र तरी कुठे मिळालंय?

म्हणून एक साधी गोष्ट सुचवतो. महिन्याला कॉफीवर किती घालवता, ते मी विचारणार नाही. पण तुमच्या गावच्या, तालुक्याच्या पेपरची वर्गणी भरा. घरी आई-बाबांकडे पाठवा. बातमी आवडली तर वार्ताहराला फोन करा. नाही आवडली तरी करा, पण नाव घेऊन, आदराने. आणि त्याला कुणी धमकी दिली असं कानावर आलं, तर गावच्या ग्रुपवर गुड मॉर्निंगच्या फुलांऐवजी त्या दिवशी तेवढं लिहा. ‘आम्ही वाचतोय’ हे दोन शब्द त्याच्यासाठी लाल झग्याहून कमी नाहीत.

सुपरमॅनच्या गोष्टीत थरार आहे तो एका क्षणाचा. क्लार्क केंट आडोशाला जातो, शर्टाची बटणं ओढतो आणि आत छातीवर तो ‘एस’ दिसतो. आपण टाळ्या वाजवतो. आमच्याकडच्या वार्ताहराने शर्टाची बटणं उघडली तर आत बनियनच असणार, बहुतेक कॉलरपाशी विरलेलं. आणि हे त्याला स्वतःला पक्कं माहीत असतं. तरी तो शर्टाच्या खिशाला पेन अडकवतो आणि ग्रामसभेला जातो.

आता सांगा, जास्त हिंमत कुणाची?