फूल गळालं म्हणून कुंडी टाकू नका!

गॅदरिंग संपल्यावर स्टेजवरची फुलं कुठे जातात, कधी पाहिलंत? मागच्या वर्षी सजावटीला आणलेल्या ऑर्किडच्या दोन कुंड्या नंतर दोन महिने ऑफिसात मिरवल्या. एप्रिलमध्ये फुलं गळाली आणि कुंड्या कचऱ्याच्या ढिगाकडे निघाल्या. "मेलंय ते, घेऊन काय करतो?" मित्र म्हणाला. पण खाली जाड, हिरवीगार पानं होती. मी दोन्ही कुंड्या रूमवर आणल्या.

हे मॉथ ऑर्किड. शास्त्रीय नाव फॅलेनॉप्सिस, म्हणजे दिव्यावर झेपावणाऱ्या पतंगासारखं दिसणारं. ब्लूम नावाच्या वनस्पतिशास्त्रज्ञाने १८२५ साली हे नाव दिलं. मूळ घर आग्नेय आशियातली दमट जंगलं. तिथे ते झाडांच्या फांद्यांवर वाढतं, पण बांडगुळासारखं रस पीत नाही, फक्त आधार घेतं. आपल्या सह्याद्रीतली सीतेची वेणी याच कुळातली, तशीच राहणारी. म्हणून याच्या मुळांना पाण्याइतकीच हवा लागते. परभणीची काळी माती कापसाला सोनं, पण याला विष! याला विटांचे तुकडे, लाकडी कोळसा, नारळाची सोडणं आणि खाली भोकं असलेली कुंडी हवी.

पहिली कुंडी मी मारली. म्हणजे आम्ही तिघांनी मिळून. सकाळी मी पाणी घालायचो, दुपारी एक पार्टनर, रात्री दुसरा. उन्हाळा आहे, बिचारं तहानलं असेल, असं प्रत्येकाला वाटायचं. महिनाभरात मुळं कुजून काळी पडली. होस्टेलमध्ये झाड दुर्लक्षानेच मरतं असं नाही, चौघांच्या मायेनेही मरतं.

दुसऱ्या कुंडीला मग एकच मालक ठरवला. मुळं चंदेरी-पांढरी दिसली तरच पाणी. भिजली की ती हिरवी होतात. म्हणजे झाड स्वतःच सांगतं, फक्त बघायला पाहिजे. पाणी सकाळी, पानांच्या मधल्या खोबणीत साचू न देता. बोअरचं पाणी जड, त्याचे क्षार मुळांवर बसतात. म्हणून शक्यतो पावसाचं किंवा फिल्टरचं पाणी. जागा पूर्वेच्या खिडकीजवळ, दुपारचं ऊन नको.

आता खरा प्रश्न परभणीच्या मे महिन्याचा. पारा ४२च्या पुढे जातो आणि या झाडाला तिशीच्या वर गेलं की त्रास सुरू होतो. इथे कामाला आला आपला कूलर. थर्मोडायनॅमिक्सच्या पेपरात लिहितो तेच, पाण्याची वाफ होताना हवेतली उष्णता शोषली जाते. हवा गार होते आणि दमटही. ऑर्किडला दोन्ही पाहिजे. पॉलीहाउसमधली फॅन-पॅड यंत्रणा याच तत्त्वावर चालते. फक्त कुंडी थेट झोतात ठेवायची नाही.

सुट्टीत गावी जाताना होस्टेलच्या मामांना सांगितलं, "मामा, मुळं पांढरी दिसली तरच पाणी घाला." मामा म्हणाले, "मला नको शिकवू पोरा, शेतकऱ्याचं पोर हाय मी." परत आलो तेव्हा एक नवीन पान फुटलेलं होतं!

पुढे हिवाळा. या झाडाला फुलांचा दांडा यायला काही आठवडे पंचविशीच्या खालचं तापमान लागतं. त्यासाठी एसी कशाला? आपली परभणीची थंडी फुकटच मिळते. मात्र कडाक्याच्या रात्री खिडकी बंद ठेवायची. डिसेंबरमध्ये दांडा दिसला, मार्चमध्ये पहिलं फूल उमललं. त्या दिवशी शेजारच्या विंगमधली पोरंसुद्धा बघायला आली.

काही जण म्हणतील, दुष्काळी मराठवाड्यात हे चोचले कशाला? मुद्दा रास्त आहे. मी विकत घ्या म्हणतच नाही. अंगणात जाई, मोगरा लावा, त्यांना इथलं ऊन मानवतं. पण जी ऑर्किडची कुंडी आधीच आपल्या दारात आली, ती फेकायची का? आठवड्याला एखाद-दोन ग्लास पाणी तिला पुरतं. आपल्या बाथरूममध्ये बादली भरून वाहते तेव्हा किती ग्लास जातात, ते मोजा की!

म्हणून रेक्टर सरांना आणि गॅदरिंग कमिटीला माझी विनंती, यंदा सजावटीच्या कुंड्या कचऱ्यात न टाकता होस्टेलला द्या. मजल्याला एक कुंडी, कुंडीला एकच जबाबदार माणूस, सुट्टीत मामा. अडलं तर आपल्या परभणीतच १९७२ साली स्थापन झालेलं कृषी विद्यापीठ आहे, तिथल्या उद्यानविद्या विभागात विचारता येईल.

बॅक राहिला म्हणून कुणी पोराला होस्टेलबाहेर काढत नाही, पुढच्या परीक्षेची वाट बघतो. झाडालाही एक हिवाळा द्या ना!