मोगादिशूतली पंगत

सिनेमा म्हटला की आमच्या घरात तीन तट पडतात. धाकट्याला मारामारी हवी, आमच्या सौ.ना घरसंसाराचे हवे, आणि आम्हाला त्यात चार राजकारणाच्या गोष्टी निघाल्या म्हणजे झाले. गेल्या रविवारी थोरल्या मुलीने ‘एस्केप फ्रॉम मोगादिशू’ हा २०२१ सालचा कोरियन चित्रपट लावला. बोलणे कोरियन, खाली इंग्रजी अक्षरे. सौ. म्हणाल्या, “मला काय कळणार त्यातलं?” पण अर्ध्या तासाने धुण्याची बादली तशीच ठेवून त्या पुढे सरकून बसल्या होत्या.

वाचक बंधू-भगिनींनो, ज्यांनी हा चित्रपट पाहिला नसेल त्यांच्यासाठी थोडी हकीकत सांगतो. कोरिया हा मुळात एकच देश. १९४५ साली दुसरे महायुद्ध संपले आणि अमेरिका व रशियाने तो मधोमध वाटून घेतला. १९५० ते १९५३ अशी तीन वर्षे सख्खे भाऊ एकमेकांवर बंदुका रोखून लढले. लढाई थांबली, पण तह आजतागायत झालेला नाही. दोघांनाही संयुक्त राष्ट्रांचे सभासदत्व हवे होते. त्यासाठी देशोदेशींचा पाठिंबा लागतो, आणि आफ्रिकेत देश पुष्कळ. तेव्हा सोमालियाच्या राजधानीत, मोगादिशूत, दोन्ही कोरियांचे राजदूत हुकूमशहा सियाद बरे याची मर्जी संपादन करायला धडपडत होते. भेटीला निघालेल्या दक्षिणेच्या राजदूताची नजराण्याची बॅग वाटेतच लुटली जाते, तो घामाघूम होऊन उशिरा पोचतो आणि भेट हुकते. साहेबाच्या केबिनबाहेर ताटकळलेल्या माणसाला हा प्रसंग फार जवळचा वाटेल. आम्हाला तर वाटलाच.

१९९० च्या डिसेंबरअखेर बंडखोर शहरात घुसले. बरे १९६९ पासून सत्तेवर होता, आणि लोकांचा राग एकवीस वर्षांचा साचलेला. वीज गेली, फोन बंद पडले, रस्त्यावर प्रेते. उत्तर कोरियाचा दूतावास लुटला जातो आणि ती माणसे बायकापोरांसह रात्री ज्या दाराशी येतात ते दार शत्रूचे असते. उघडावे की नाही? दक्षिणेच्या कायद्यात उत्तरेच्या माणसाशी संबंध ठेवणे हा गुन्हा. राजदूत क्षणभर घुटमळतो आणि दार उघडतो.

पुढचा जेवणाचा प्रसंग या चित्रपटाचा खरा जीव आहे असे आम्हाला वाटते. मेणबत्त्यांच्या उजेडात सगळे बसलेत. पाहुण्यांना भूक आहे, पण घासाला कोणी हात लावीत नाही. अन्नात विष असेल तर? तेव्हा यजमान राजदूत आपली भाताची वाटी पाहुण्याच्या वाटीशी बदलतो आणि स्वतः पहिला घास घेतो. मग हळूहळू काड्या हलू लागतात. एका बाईला मुरवलेल्या पानांच्या चळतीतले एक पान सुटत नाही, तर समोरच्या पक्षाची बाई आपल्या काडीने खालची पाने दाबून धरते. कोणी काही बोलत नाही. सौ. म्हणाल्या, “अळूच्या पानांसारखंच की हो!” एका पंगतीला बसणे आणि बसू न देणे यात काय काय असते, हे आपल्या वाचकांना आम्ही वेगळे सांगायला नको.

याचा अर्थ मने लगेच जुळतात असे नाही. त्याच रात्री दक्षिणेचा गुप्तहेर उत्तरेच्या लोकांची खोटी फितुरीची कागदपत्रे तयार करू पाहतो, ते उघडकीस येते आणि दोन्हीकडचे अधिकारी एकमेकांच्या उरावर बसतात. दिग्दर्शक र्यू सुंग-वान यांनी हे झाकले नाही, हे बरे केले.

सुटका इटलीच्या दूतावासामार्फत होते. तिथवर पोचायचे तर गोळ्यांच्या वर्षावातून. मोटारींना चिलखत म्हणून काय बांधले असेल? जाडजूड पुस्तके आणि वाळूच्या पिशव्या! आम्ही पडलो कारकून. जन्मभर कागद उचलून पाठ वाकली, पण कागद गोळी अडवतो हे प्रथमच पाहिले. धाकटा मात्र इथे टाळ्या पिटत होता.

विमान केनियात मोम्बासाला उतरते. बाहेर दोन्ही सरकारांची माणसे उभी. आत्तापर्यंत एकाच ताटातले खाल्लेल्या या लोकांना आता ओळखही दाखवायची सोय नाही, दाखवली तर मायदेशी चौकशी. आया पोरांच्या डोळ्यांवर हात धरतात. दोन बसगाड्या दोन दिशांना जातात. आणि गंमत पाहा, ज्या सभासदत्वासाठी एवढी चढाओढ होती, ते दोन्ही कोरियांना एकाच दिवशी मिळाले, १७ सप्टेंबर १९९१ रोजी. बरे तर जानेवारीतच मोगादिशूतून पळाला होता.

चित्रपट खऱ्या घटनेवर बेतलेला आहे, नावे बदलली आहेत. चित्रण मोरोक्कोत केले. आमची तक्रार वेगळीच आहे. सोमाली माणूस यात बहुतेक वेळा गर्दी म्हणून दिसतो, नाहीतर बंदूक घेऊन. त्याच जानेवारीत अमेरिकेच्या हेलिकॉप्टरांनी आपल्या दूतावासातून तीस देशांच्या २८१ लोकांना बाहेर काढले. राजदूत गेले, व्यापारी गेले. दूतावासात झाडू मारणारा, गाडी हाकणारा, फाटकावर उभा राहणारा तिथलाच. तो कुठे जाणार? पुढच्याच वर्षी, १९९२ मध्ये, तिथे भीषण दुष्काळ पडला आणि माणसे लाखांनी मेली. धड मध्यवर्ती सरकार उभे राहायला २०१२ साल उजाडले.

हातात रायफल घेतलेली दहा-बारा वर्षांची पोरे पडद्यावर दिसली तेव्हा थोरलीने विचारले, “पप्पा, यांना न्यायला कुणाचं विमान आलं?” आम्ही काहीच बोललो नाही.

चित्रपट दोन तासांचा आहे. रक्तपात बराच आहे, तेव्हा अगदी लहान मुलांना घेऊन बसू नये. मोठ्यांनी जरूर पाहावा, आणि इंग्रजी अक्षरे वाचायला शिकल्या-सवरल्या मुलाला शेजारी बसवावे. आमच्याकडे ते काम थोरलीने केले.