बंद पेटीतला सौदागर

शेअर वा चलनबाजारात माणसाऐवजी संगणकाच्या आज्ञावलीने खरेदी-विक्री करणे आता नवलाचे राहिलेले नाही. नवल आहे ते याचे की, ही आज्ञावली विकत घेणाऱ्याला ती कोणत्या नियमाने आपले पैसे लावते, हे बहुधा ठाऊकच नसते.

चलनव्यवहारात जगभर रुळलेल्या, २००५ मध्ये आलेल्या 'मेटाट्रेडर ४' या प्रणालीचे उदाहरण बोलके आहे. तिच्यासाठी लिहिलेला मूळ 'सोर्स कोड' माणसाला वाचता येतो. ग्राहकाच्या हाती मात्र केवळ यंत्राला उमगणारी 'कंपाइल' केलेली फाइल पडते. ती उलगडून मूळ कोड परत मिळवण्याचा, म्हणजे 'डीकंपाइल' करण्याचा, उद्योग साहजिकच फोफावला. २०१४ मध्ये कंपनीने कंपाइल करण्याची पद्धत बदलली आणि हे काम अवघड झाले. शिवाय उलगडून मिळते तेही अपुरेच. लेखकाच्या टिपा आधीच गळून पडलेल्या असतात.

दुसऱ्याच्या श्रमाची नक्कल विकणे ही चोरीच, यात वाद नाही. पण तोटा झाला की पुढचा सौदा दुप्पट करणारी 'मार्टिंगेल' पद्धत आत दडलेली असेल, तर कित्येक महिने नफा दिसतो आणि एका उलट्या लाटेत खाते रिकामे होते. ग्राहकाने हे ओळखायचे कसे? युरोपीय न्यायालयाने ऑक्टोबर २०२१ मध्ये 'टॉप सिस्टीम' खटल्यात, कायदेशीर खरेदीदाराला दोषदुरुस्तीपुरते डीकंपाइल करण्याची मुभा मान्य केली.

'सेबी'ने ४ फेब्रुवारी २०२५ च्या परिपत्रकात वेगळी वाट धरली. ज्याचे तर्कशास्त्र ग्राहकाला कळत नाही, अशा 'ब्लॅक बॉक्स' अल्गोच्या पुरवठादाराने संशोधन विश्लेषक म्हणून नोंदणी करावी, प्रत्येक अल्गोचा संशोधन अहवाल ठेवावा आणि तर्क बदलल्यास तो अल्गो नव्याने नोंदवावा, असे त्यात म्हटले आहे. परदेशी मंचांवरील चलनव्यवहार मात्र या कक्षेत येत नाहीत. अनधिकृत मंचांची सावधगिरीची यादी रिझर्व्ह बँक सप्टेंबर २०२२ पासून प्रसिद्ध करीत आहे.

दिशा योग्य आहे. परंतु अहवाल दप्तरातच राहिला, तर ग्राहक होता तिथेच राहील. लेखकाचे गुपित जपूनही जोखमीचा गाभा साध्या भाषेत सांगता येतो. तो सौद्यापूर्वीच सांगण्याचे बंधन घातले, तर कुलूप फोडण्याची वेळ ग्राहकावर येणार नाही.