गंगेला न खाता आलेला काठ

काशीचा दुर्गाघाट चढताना गुडघे बोलायला लागतात. पेशव्यांचे गुरू नारायण दीक्षित पाटणकर यांनी १८व्या शतकात हा घाट बांधला, हे आपण मराठी माणसं अभिमानानं सांगतो. ब्रह्मचारिणी देवीचं दर्शन घेतो, फोटो काढतो. इतक्या पायऱ्या लागल्याच का, हे मात्र कोणी विचारत नाही.

समोर बघा. पलीकडे सपाट वाळू, अलीकडे उभी कड. काशीत गंगा उत्तरेकडे वळते आणि शहर त्या वळणाच्या बाहेरच्या अंगाला आहे. बाहेरच्या अंगाला धार जोरकस, ती काठ खाते. आतल्या अंगाला मंदावते, तिथे वाळू टाकते. या हिशेबानं काशी कधीच गिळली जायला हवी होती. पण इथल्या चिकणमातीत कंकर ठासून भरलाय. राखाडी, आल्याच्या गाठीसारखा वेडावाकडा खडा. लिंबू पिळलं की बारीक बुडबुडे येतात, म्हणजे चुनखडीच ती. घाट बांधायला चुनारचा दगड नंतर आला. काठ धरला तो या खड्यांनी. पुण्य आपण उत्तरवाहिनीच्या खात्यावर टाकतो, थोडं या खड्यांच्याही टाकायला हरकत नाही.

अमेरिकेत मिसिसिपीकाठचं व्हिक्सबर्गही असंच वळणावर, कडेवर वसलेलं. ती कड वाऱ्यानं आणून टाकलेल्या धुळीची. यादवी युद्धात तिथल्या तोफा चुकवायला जनरल ग्रँटनं समोरच्या जमिनीच्या जिभेतून कालवा खणून नदीच वळवायचा घाट घातला. (हा घाट काही बांधून झाला नाही.) पुढे २६ एप्रिल १८७६ला नदीनं ती जीभ आपणहून तोडली, आणि भरभराटीचं बंदर मुख्य प्रवाहाला मुकलं. धक्क्याशी पुन्हा पाणी खेळवायला १९०३ साली याझू नदी कालव्यानं वळवून आणावी लागली.

गंगेनं काशी सोडली नाही. काठ खाता येत नाही तर ती चढते. ९ सप्टेंबर १९७८ला पाणी ७३.९० मीटरवर गेलं होतं. धोक्याची पातळी ७१.२६. घाटावर गर्दी पूर बघायला जमते, पण शहरात पाणी शिरतं ते बहुतेकदा मागच्या दारानं. फुगलेली गंगा तिला मिळणाऱ्या वरुणा नदीला उलटं ढकलते, आणि वरुणेकाठच्या सखल वस्त्यांतली माणसं सामान गच्चीवर चढवू लागतात.

— वाटसरू